दिवाणचं निलंबन

“आता मी जे सांगणार आहे, जावईबापू, त्याच्यावर तुमचा विश्वास बसणार नाही. आजवर कुणाचाच बसलेला नाही. उद्या कुणाचा बसला, तर मी गोष्टी सांगायचं सोडून देईन,” असं म्हणून मी ताटातला धोंडा मोडला आणि तुपासाठी ताट पुढं सरकवलं.

अधिक महिना होता. भिवा मेटकरीच्या नातीचं, रेश्माचं, लग्न होऊन वर्षही झालं नव्हतं आणि नातजावई पहिल्यांदाच धोंड्याच्या जेवणाला आला होता. भिवा माझा जुना सोबती. जनावरांच्या सरकारी दवाखान्यात मी कारकून आणि तो वळू सांभाळणारा शिपाई. एकाच आवारात दोघांची उभी नोकरी गेली. त्याच्या घरी पाहुणा आला की पाहुण्याची करमणूक करायला मला बोलावणं असतंच, कारण भिवा स्वतः बोलत नाही. तो हसतो. मी थापा मारायच्या आणि त्यानं पोट धरून हसायचं, असा आमचा जुना रिवाज आहे.

विषय नातजावयानंच काढला होता. समाधान त्याचं नाव. जिल्हा परिषदेत नवा कारकून, सदऱ्याला कडक इस्त्री आणि नियम तोंडपाठ.

“आमच्या ऑफिसातल्या एकाला पोलिसांनी उचलला,” तो वरणभात कालवत म्हणाला. “मारामारीची केस. दोन दिवस आत बसला आणि झाला निलंबित. आता रोज येतो, सही करतो, बाकावर बसून राहतो. चहाला पण कुणी हाक मारत नाही. मारूच नये. आमचे बाबा म्हणतात, असल्यांच्या सावलीला उभं राहू नये. आमच्या घरातलं अजून कुणी ठाण्याची पायरी चढलेलं नाही.” मग भिवाकडं वळून म्हणाला, “आजोबा, तुमच्या खात्यात व्हायचं का असलं काही?”

भिवाचा घास हातातच राहिला. चुलीपुढं त्याच्या बायकोचा, सगुणावहिनींचा, झारा कढईत थांबला. तेव्हा मी मध्ये पडलो.

“झालं होतं की,” मी म्हणालो. “आमच्या दवाखान्यात दिवाण निलंबित झाला होता.”

“दिवाण कोण?”

“वळू.”

रेश्मा फिसकन हसली. समाधाननं मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं, म्हातारा शुद्धीवर आहे की नाही अशा नजरेनं. म्हणून मी वर सांगितलं ते विश्वास न बसण्याचं बोललो आणि सुरुवात केली.

दिवाण हा खिलार जातीचा सरकारी वळू. रंगानं दुधासारखा, शिंगं अशी की त्यांच्यावर धोतर वाळत घातलं तर एक टोक आमच्या आवारात आणि दुसरं शेजारच्या कचेरीत. तो डुरकला की तहसीलदार खुर्चीतून उठून उभे राहायचे. त्यांना वाटायचं कलेक्टर आले. तालुक्यातली निम्मी गुरं त्याची लेकरं होती. बाजाराच्या दिवशी त्याला रस्त्यानं न्यायचा म्हटलं तर बैलगाड्या आपोआप बाजूला व्हायच्या. गाडीवान कितीही ओढो, बैल बापाला वाट देणारच.

“आता हे जरा जास्त होतंय, गुरवआजोबा,” समाधान म्हणाला.

“अजून कशातच काही नाही,” मी म्हणालो. “जेवा तुम्ही.”

वळू दाखवायला गायी रांगेनं यायच्या. ज्याची गाय आधी, त्याचा नंबर आधी. मग तो पाटील असो नाहीतर पालावरचा. एका दुपारी पंचायत समितीचे सभापती तात्यासाहेब आपली गाय घेऊन आले आणि रांग सोडून थेट गाय उभी करायच्या लाकडी खोड्यापाशी गेले. दिवाणनं एकदा गायीकडं पाहिलं, एकदा रांगेकडं पाहिलं आणि पाठ फिरवून उभा राहिला.

“याला सांगा, मी कोण आहे ते,” तात्यासाहेब ओरडले.

कोण सांगणार? मग त्यांनी स्वतःच त्याचा कासरा सोडला आणि पाठीत काठी घातली. दिवाणनं शांतपणे मान खाली घेतली, तात्यासाहेबांना शिंगांवर उचललं, आणि तुम्ही-आम्ही फडताळात डबा ठेवतो तसं दवाखान्याच्या पत्र्यावर नेऊन ठेवलं. टोपी पडली नाही, चष्मा हलला नाही. मे महिन्याचा पत्रा मात्र तापलेला होता. तात्यासाहेब वर असे नाचले की खाली लोकांना वाटलं, तमाशाचा फड उतरलाय.

रेश्मा पदर तोंडात घालून हसत होती. भिवाही हसला, पण नेहमीसारखा नाही.

“आणि आजोबा कुठं होते तेव्हा?” समाधाननं विचारलं.

“रजेवर,” मी म्हणालो. “तापानं फणफणला होता. हे सगळं त्यानं माझ्याकडूनच ऐकलंय.”

भिवानं पाण्याचा तांब्या तोंडाला लावला.

शिडी लावून तात्यासाहेबांना उतरवलं, ते तसेच ठाण्यात गेले. फौजदार रणदिवे आले. दुखापत, धमकी, सरकारी आवारात दंगा, अशी कलमं लावून म्हणाले, “आरोपी कोण?” सगळ्यांनी दिवाणकडं बोट दाखवलं. दिवाण खाली मान घालून हवालदारामागोमाग चालत गेला. बेड्या घालायचा प्रश्नच आला नाही, त्या मापाच्या नव्हत्याच. तो वार शुक्रवार. पुढं कोर्टाला सुट्टी. सोमवारपर्यंत बिचारा ठाण्याच्या मागं बांधलेला.

सोमवारी सकाळी डॉक्टर ताम्हनकरांनी मला आत बोलावलं. माणूस विद्वान, पण तपासणीच्या नुसत्या नावानं घाम फुटायचा.

“गुरव, वळू कुठंय?”

“कोठडीत, साहेब.”

“अठ्ठेचाळीस तास झाले?”

“कधीच झाले.”

“तो खातो ते कुणाचं?”

“सरकारचं.”

“आपल्या हजेरीपटावर आहे?”

इथं आमचीच चूक नडली, जावईबापू. आमच्या दवाखान्यात जुनी पद्धत होती. रोज सकाळी माणसांची हजेरी झाली की शेवटी ‘दिवाण, हजर’ असं लिहायचं. कुणी सुरू केलं देव जाणे. वळू जिवंत आहे, चोरीला गेला नाही, एवढं कळावं म्हणून असेल. पण नाव पटावर चढलं ते चढलं.

“आहे, साहेब,” मी म्हणालो.

“मग काढा आदेश. कोठडीत अठ्ठेचाळीस तासांवर राहिला की निलंबित मानायचा.”

“साहेब, तो जनावर आहे.”

“नियमात दोन पायांचाच असं कुठं म्हटलंय? उद्या कुणी विचारलं, की कोठडीतल्याला पुरा खुराक कुठल्या आधारावर दिला, तर उत्तर मी देऊ?”

“थांबा, थांबा,” समाधान ताट बाजूला सारून सरसावून बसला. “वळू ही मालमत्ता. निलंबन शासकीय कर्मचाऱ्याचं होतं. डॉक्टरांना एवढं कळत नव्हतं?”

“कळत होतं. पण कळण्यापेक्षा भीती मोठी होती. तुमच्या साहेबांचं काय आहे?”

समाधाननं बाजूला सारलेलं ताट परत पुढं ओढलं.

मी आदेश लिहिला. ‘वळू दिवाण यास निलंबित करण्यात येत आहे. निलंबन काळात त्याचे मुख्यालय दवाखान्याच्या आवारातील लिंबाचे झाड हे राहील. पूर्वपरवानगीशिवाय त्याने झाड सोडू नये. निर्वाह भत्ता म्हणून अर्धी वैरण व अर्धी पेंड देय राहील.’ आणि खाली डॉक्टरांची सही.

“दुसरीकडं काम करत नाही असा दाखला घ्यायचे का?” समाधाननं विचारलं. आता तो गोष्टीत शिरला होता.

“दर महिन्याला. खाली खुराचा ठसा. पहिल्यांदा शाई लावली तेव्हा माझा टेबल मोडला, नंतर त्याला सवय झाली. एकदा पलीकडच्या वाडीचा एक बागायतदार आला. म्हणाला, चोरून माझ्या गोठ्यावर ये, पोटभर ऊस घालतो. दिवाणनं तोंड फिरवलं. नियम म्हणजे नियम.”

सुटून आल्यावर दिवाण रोज दवाखाना उघडायच्या आधीच दारात येऊन उभा राहायचा. हजेरी झाली की लिंबाखाली. काम काही नाही. त्याच्या डोळ्यांदेखत गायी यायच्या आणि परत जायच्या. आधी येणारा-जाणारा प्रत्येकजण त्याच्या वशिंडावर थाप मारून जायचा. आता माणसं लांबून, कुंपणाच्या कडेनं जायला लागली. रोज त्याच्या अंगाशी खेळणारी डॉक्टरांची पोरं, त्यांनाही घरातून ताकीद मिळाली. बेंदराच्या सणाला गावातल्या मरतुकड्या बैलांच्या शिंगांनासुद्धा रंग लागला, झुली चढल्या. दिवाण लिंबाखाली तसाच उभा. कुणी पुरणपोळीचा तुकडा आणला नाही. तो डुरकायचा बंद झाला. तहसीलदारसुद्धा एकदा म्हणाले, हल्ली कलेक्टर येत नाहीत वाटतं.

मी हे सांगत होतो आणि मला हसू यायचं थांबलं होतं. गोष्ट सांगणाऱ्याचं असं होऊ नये. पण तोंड चालू होतं, ते तसंच चालू ठेवलं.

“खायला अर्धं,” मी म्हणालो, “तेही तो सगळं खायचा नाही. त्याच्या शेजारी दोन वासरं बांधलेली होती. भारा पुढं टाकला की आधी त्यांच्याकडं ढकलायचा. ती खाऊन बाजूला झाली, की उरलंसुरलं स्वतः. महिनाभरात त्याच्या बरगड्या मोजता यायला लागल्या. अंगावर कातडं असं लोंबायला लागलं, जसा दुसऱ्याचा सदरा घातलाय.”

“वळू वासरांना आधी घालतो?” समाधान म्हणाला.

“हा घालायचा.”

सगुणावहिनी हातातलं वाढप तसंच घेऊन चुलीजवळून उठल्या आणि चौकटीत येऊन उभ्या राहिल्या.

कोर्टात तारखा पडत होत्या. दिवाण प्रत्येक तारखेला चालत जायचा, कोर्टाबाहेर पिंपरणीच्या झाडाखाली उभा राहायचा, पुकारा व्हायचा आणि तात्यासाहेबांचा वकील दुसरी तारीख मागायचा. त्यांना घाई नव्हती. गुन्हा शाबीत झाला असता तर दिवाण बडतर्फ. बडतर्फ वळूचा लिलाव. आणि लिलावात असला हाडांचा सापळा कोण घेतो, ते जावईबापू, तुम्हाला सांगायला नको. आणि तोवर नुसतं लांबवलं तरी लिंबाखालीच त्याचा निकाल लागणार होता.

अशात तात्यासाहेबांचा निरोप आला. माझ्याच हाती आला. म्हणाले, “तक्रार मागं घेतो. काही नको मला. बाजाराच्या दिवशी, भर बाजारात, त्यानं माझ्यापुढं गुडघे टेकायचे आणि पायांवर डोकं ठेवायचं. लोकांनी बघितलं पाहिजे.”

डॉक्टर म्हणाले, “टेकू दे की. जातंय काय त्याचं?”

मी लिंबाखाली गेलो. दिवाणच्या कानाशी तोंड नेऊन म्हणालो, “लेका, एकदा वाक. घटकाभराचं काम. नोकरी वाचेल, ही दोन वासरं वाचतील. लोक काय, चार दिवस बोलतील आणि विसरतील.”

दिवाणनं माझ्याकडं पाहिलं.

इथं मी घोटभर पाणी प्यालो. ताटं केव्हाच मोकळी झाली होती, पण कुणी उठत नव्हतं.

“मग?” रेश्मानं विचारलं.

“मग काय! मान अशी वर केली, की शिंग लिंबाच्या फांदीत अडकलं आणि फांदी खाली आली. भर बाजारात तात्यासाहेब खुर्ची टाकून वाट बघत बसले. शेळ्या विकल्या गेल्या, मेंढरं विकली गेली, हलवायाची शेव संपली. दिवाण काही आला नाही. वाकला नाही म्हणजे नाही.”

भिवा ताटातल्या मिठाकडं बघत होता.

मी मग गोष्ट घाईनं कोर्टात नेली. न्यायाधीश म्हणाले, आरोपी कुठंय, आत आणा. दिवाणला आत आणला, तर पिंजऱ्यात मावेना. पिंजराच त्याच्या गळ्यात अडकला आणि तो तसाच घेऊन पुढं आला. तात्यासाहेब साक्षीला उभे. न्यायाधीशांनी विचारलं, “याला ओळखता?” दिवाणनं नुसतं नाक फुरफुरवलं. तात्यासाहेबांनी एक उडी मारली ती थेट न्यायाधीशांच्या टेबलावर, आणि किंचाळले, “आवरा! आवरा याला! मागल्या वेळी मीच सोडला होता, मीच काठी घातली होती, आता परत नाही घालणार!” न्यायाधीश म्हणाले, “लिहून घ्या.” खटला तिथंच संपला.

“निर्दोष?” समाधान टाळी वाजवून ओरडला.

“निर्दोष! सन्मानानं कामावर. निलंबनाचा काळ कर्तव्यकाळ धरला. राहिलेली सगळी वैरण आणि पेंड एकदम मंजूर झाली. आवारात वैरणीची एवढी गंजी लागली, की दवाखाना दिसेना. दिवाणनं ती दिवस मावळायच्या आत संपवली आणि असा डुरकला की तहसीलदार उभे राहिले, ते खुर्ची कुठं गेली हे शोधत राहिले.”

रेश्मा हसता हसता भिंतीला टेकली. समाधानच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. सदऱ्याच्या बाहीनं डोळे पुसत तो म्हणाला, “बाकी सगळं जाऊ द्या, गुरवआजोबा, पण वळू मानला. ताठ राहिला! माणूस असता तर दुसऱ्या दिवशी जाऊन पाय धरले असते. माणसाला कुठली आलीय एवढी लाज!”

मी नेहमीप्रमाणं भिवाच्या हसण्याची वाट बघितली.

“धरले हुते,” भिवा म्हणाला.

“काय, आजोबा?”

“पाय. तात्यासाहेबाचे. बाजारात, मेंढरं बसत्यात तिथं. समद्या तालुक्यादेखत.”

“अरे भिवा, ती वेगळी गोष्ट—” मी म्हणालो.

“येगळी कुठली? तीच हाय.” त्याचा आवाज चढला नाही. ताटात हात धुवावा तितक्या सहजपणे तो बोलत होता. “त्यांनी रांग सोडून गाय आणली. मी म्हणलं, आज न्हाई, उद्या या. त्यांनी माझ्या तोंडात मारली, मी ढकललं, ते पडले. मला आत टाकला. निलंबित मी झालो, जावईबापू. दारात सहीला उभा राहायचा तो मी. तुमच्या हापिसातला बाकावर बसतो, तसा मी लिंबाखाली बसायचो.”

समाधानचं हसू तोंडावर तसंच राहिलं होतं, काढून कुठं ठेवावं हे न कळल्यासारखं. त्यानं माझ्याकडं पाहिलं. मी पानाचा डबा उघडला.

“आणि दिवाण?” रेश्मानं हळूच विचारलं.

उत्तर सगुणावहिनींनी दिलं. “त्येला कशाला कोण उपाशी ठेवील? सरकारी वळू त्यो. त्येचा भारा रोज मीच कापून आणायची, रोजानं. त्येच्या म्होरं टाकायची आन् घरी येऊन तुझ्या बापाला आन् आत्याला अर्धी अर्धी भाकरी द्यायची. ह्यो म्हणायचा, मी हापिसातनं खाऊन आलोय.”

“अगं, ऱ्हाऊ दे,” भिवा म्हणाला.

“का ऱ्हाऊ दे? तूच काढलंस न्हवं?”

भिवानं मान हलवली. मग माझ्याकडं वळला. इतकी वर्षं या गोष्टीला तो माझ्यासमोर बसून हसला होता, आणि दर वेळी दिवाण न वाकता उभा राहिला की त्याचं हसणं सगळ्यात मोठं असायचं.

“कोर्टात काय बी झालं न्हाई, पाव्हणं,” तो समाधानला म्हणाला, पण बघत होता माझ्याकडं. “पाय धरले, त्यांनी तक्रार मागं घेतली, मी कामावर गेलो. वळू कवा वाकला न्हाई, तेवढं खरं. वाकलो मी. बाकी समदं ह्या काशा गुरवाचं खोटं हाय.”